पणजोबांची पेटी निघाली, आता आधी काय करायचं?

प्रश्न असा आलाय: कोल्हापूरचं जुनं घर पाडायला काढलं तेव्हा माळ्यावर पणजोबांची पत्र्याची पेटी निघाली. पणजोबा मूकपटांच्या काळात बाबूराव पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत होते, घरात सगळ्यांना माहीत आहे ते एवढंच. पेटीत एक गंजलेला गोल डबा, चाळीसेक फोटो, मोडीतली एक वही, थोडी पत्रं आणि घडी घातलेलं एक हँडबिल. पणजोबांची धाकटी मुलगी म्हणजे तुमच्या आत्याआजी ८८ वर्षांच्या आहेत, इचलकरंजीला असतात. यातलं काय जपायचं, कसं जपायचं आणि पुढे कुणाकडे द्यायचं.

गेली सत्तावीस वर्षं मी हेच काम करतोय, जुन्या फिल्मा आणि त्यांच्यासोबत आलेले कागद, त्यामुळे उत्तर लांबणार आहे. बाकीचं सवडीने वाचा पण डब्याबद्दलचं तेवढं आजच वाचा.

डबा उघडू नका. त्या काळातली ३५ एमएम फिल्म म्हणजे नायट्रेटच, चटकन पेट घेणारी, कोडॅकने नायट्रेट बनवणं थांबवलं तेच १९५१ च्या सुमारास. ही फिल्म पेटली की विझत नाही, जळताना स्वतःचा ऑक्सिजन स्वतःच तयार करते, म्हणून वाळू टाका नाहीतर पाण्यात बुडवा, जळतच राहते, आणि त्यातून निघणारा धूर विषारी असतो. वर सडायला लागलेली नायट्रेट फिल्म चाळीसेक अंशांच्या उकाड्यात बराच काळ राहिली तर आपोआपसुद्धा पेटू शकते. पत्र्याखालचा माळा मे महिन्यात किती तापतो ते तुम्हाला मी सांगायला नको. २००३ च्या जानेवारीत पुण्यात नायट्रेटच्या साठ्याला आग लागली आणि कितीतरी जुनी रिळं एका दिवसात गेली, त्यातली बरीच प्रभात फिल्म कंपनीच्या काळातली होती.

मग करायचं काय? आधी डबा नुसता बघा. जाडी दोन-अडीच बोटं असेल तर आत ३५ एमएम धरून चाला. अगदी बोटभर जाडीचा असेल तर १६ एमएम किंवा पाथेची ९.५ एमएम असू शकते, त्या कधी नायट्रेटवर येत नव्हत्या, तेवढी धास्ती कमी. मग वास. आंबट, व्हिनेगरसारखा वास म्हणजे ॲसिटेट, नंतरच्या काळातली फिल्म. उग्र, नाकात जाणारा, बरेच दिवस न धुतलेल्या मोज्यांसारखा वास म्हणजे नायट्रेट सडायला लागलंय. तोंड लावून हुंगू नका, झाकणापाशी सहज येतो तेवढाच वास पुरे. झाकणाच्या कडेने तपकिरी भुकटी सांडत असेल किंवा डबा चुकून हलला तेव्हा आत खळखळ झाली असेल तर तो हलवूच नका, खोली मोकळी ठेवा आणि अग्निशमन दलाला फोन करून नायट्रेट फिल्म हा शब्द वापरून सांगा. तसं काही नसेल तर डबा उचलून तळमजल्यावर, फरशीवर, देवघर-स्वयंपाकघरापासून लांब, हवा खेळती राहील असा ठेवा. प्लॅस्टिकच्या पिशवीत बांधू नका, कपाटात कोंडू नका आणि घरच्या फ्रिजमध्ये तर मुळीच नको. एसटीने, रेल्वेने, कुरियरने पाठवू नका. व्हिडिओ बघून तुकडा कापून जाळून बघणारे लोक आहेत, तसलं काही करू नका. मोबाइलने डब्याचे सगळ्या बाजूंनी फोटो काढा, झाकणावर रंगाने किंवा खिळ्याने ओरखडून काही लिहिलंय का ते नीट बघा, आणि पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाला किंवा मुंबईच्या फिल्म हेरिटेज फाउंडेशनला ते फोटो पाठवून पुढचं विचारा. त्यांच्याकडे हे हाताळायला माणसं आहेत.

रीळ बघणारा माणूस काय बघतो ते सांगतो म्हणजे तुम्ही उतावीळ होणार नाही. पडद्यावर लावून बघायची गोष्टच नाही, शंभर वर्षांची फिल्म आखडलेली असते, प्रोजेक्टरच्या दातात गेली की भोकं फाटतात. टेबलावर हाताने एकेक फूट पुढे सरकवायची आणि काठाकडे बघायचं. कोडॅकच्या फिल्मच्या काठावर बारीक खुणा असतात, गोल, चौकोन, त्रिकोण, त्यावरून कच्ची फिल्म कुठल्या वर्षी कारखान्यातून निघाली ते कळतं, फक्त दर वीस वर्षांनी त्याच खुणा परत येतात म्हणून १९१६ की १९३६ हे बाकीच्या गोष्टींवरून ठरवावं लागतं. एका फुटात सोळा चित्रं. हाताने दांडा फिरवून सेकंदाला सोळाच्या वेगाने घेतली असेल तर फुटाला एक सेकंद, म्हणजे हजार फुटांचं रीळ साधारण साडेसोळा मिनिटं. तुमच्या डब्यात दोनशे फूटच निघाले तरी ती तीन मिनिटांहून जास्त होतात, आणि तीन मिनिटं फार मोठी असतात हो. भारतात तेराशेच्या आसपास मूकपट झाले, त्यातले हाताला लागलेत तीसेक, त्यातलेही बरेच तुकड्यांत. राजा हरिश्चंद्रचीसुद्धा आज पहिली आणि शेवटची रिळंच बघायला मिळतात, मधलं गेलं. कलकत्त्याच्या मदन कंपनीचा १९१९ चा बिल्वमंगल इथे कुणाकडे नव्हता, तो पॅरिसच्या सिनेमाथेक या फिल्म-संग्रहालयातून २०१६ मध्ये परत मिळाला, मूळ बारा हजार फुटांपैकी ५९४ मीटर, म्हणजे दोन हजार फुटांच्या आतबाहेर. तेव्हा तुकडा आहे म्हणून टाकून द्यायचा विचार कुणाच्या डोक्यात येत असेल तर आजच काढून टाका. हे का उरलं नाही, तर एक आग, दुसरं चांदी. फिल्मवर चांदी असते, जुनी रिळं किलोवर विकून ती गाळून घ्यायचे. स्वतः बनवणाऱ्यांच्या घरातूनसुद्धा अशी रिळं गेलीत.

एवढं डब्याचं. तो आपल्या जागी गेला की पेटी उपसत बसायचं नाही, तिचं झाकण बंद करायचं आणि आधी आत्याआजींकडे जायचं.

हे मी मुद्दाम सांगतोय कारण सगळे उलट करतात. आधी फोटो पुसतात, मग स्कॅन, मग अल्बम, मग एखादा समारंभ, आणि मग एक दिवस आठवतं की अरे, आत्याआजींना दाखवायचं राहिलंच, आणि तेव्हा त्या बोलण्याच्या स्थितीत नसतात. कागद अजून दहा वर्षं टिकेल, ८८ व्या वर्षीची आठवण पुढच्या दिवाळीपर्यंत टिकेल याची खात्री कुणी देत नाही. फोटोतल्या माणसाचं नाव सांगणारं शेवटचं माणूस गेलं की तो फोटो 'अज्ञात नट, कोल्हापूर' एवढाच उरतो, असे शेकड्यांनी फोटो मी पाकिटांत घातलेत आणि दर वेळी जीव तुटतो.

जाताना सगळे फोटो नेऊ नका. पेटीत वर दिसतात तेवढ्यांचेच, जागचे न हलवता, मोबाइलने फोटो काढून, त्यातले आठ-दहा मोठे प्रिंट करून न्या, पोस्टकार्डापेक्षा मोठे, त्यांना दिसले पाहिजेत. सकाळी जा, जेवणानंतर म्हातारी माणसं पेंगुळतात. मोबाइलवर रेकॉर्डिंग सुरू करून उशीपाशी ठेवा, त्यांना सांगून ठेवा बरं का, चोरून नको. आणि 'काही आठवतं का' असं विचारू नका, त्याचं उत्तर 'नाही रे बाळा' असंच येतं. फोटो हातात द्या आणि गप्प बसा. मिनिटभर, दोन मिनिटं. एकदा सांगली भागातल्या एका घरात मी असाच बसलो होतो, आजींच्या हातात युद्धाच्या प्रसंगाचा एक फोटो होता, मागे रथ. चेहरे त्यांना एकही ओळखू येईना. बऱ्याच वेळाने त्या रथाच्या चाकावर बोट ठेवून म्हणाल्या, "हे चाक आमच्या परड्यात होतं, आई त्याच्यावर गोवऱ्या लावायची." मग ते घरात कसं आलं, कुणी आणलं, कंपनीचं सामान निघालं तेव्हा पगाराऐवजी काय काय मिळालं, सगळं एकामागून एक यायला लागलं, दीड तास. चेहऱ्यावरून जे आलं नव्हतं ते चाकावरून आलं. म्हणून वस्तूंबद्दल विचारा, खाण्याबद्दल विचारा, कुठल्या पेठेत राहायचे, कामावर पायी जायचे का, घरी रंगाचा वास यायचा का, मिशी लावलेली असायची का.

त्या काळात कंपनीत एकच माणूस सकाळी सेट रंगवायचा, दुपारी भाला घेऊन उभा राहायचा. त्यामुळे पणजोबा 'नट होते' की 'पेंटर होते' हा वाद घरात असेल तर दोन्ही खरं असू शकतं. दामले, फत्तेलाल, शांताराम ही सगळी मंडळी तिथेच असं पडेल ते काम करत तयार झाली आणि १९२९ मध्ये बाहेर पडून त्यांनी प्रभात काढली. नावांचंही तसंच. बाबूरावांचं आडनाव मुळात मेस्त्री, पेंटर हे धंद्यावरून पडलं. तुमच्या पणजोबांनाही कंपनीत वेगळंच नाव असण्याची बरीच शक्यता आहे, आत्याआजींना 'बाबांना कंपनीतले लोक काय हाक मारायचे' हे नक्की विचारा, कारण कागदात तेच नाव सापडेल, रेशन कार्डावरचं नाही.

आणि एक नाजूक गोष्ट. पेटीत एखाद्या बाईचा फोटो निघाला आणि घरात कुणी तिचं नाव घेत नसेल तर तो विषय दाबू नका. कंपनीचा सैरंध्री हा मूकपट १९२० च्या फेब्रुवारीत पुण्याच्या आर्यन थिएटरात लागला, त्यात स्त्री-भूमिका बायकांनीच केल्या, गुलाबबाई आणि अनुसूयाबाई, पडद्यासाठी त्यांची नावं कमलादेवी आणि सुशीलादेवी. त्यांना लोकांनी वाळीत टाकल्यासारखं केलं, कंपनीच्या आवारात राहावं लागलं. असं होतं म्हणून कितीतरी घरांनी आपली आजी-पणजी-मावशी सिनेमात होती हे पुसूनच टाकलं. कमलाबाई गोखल्यांचं नशीब की १९१३ च्या मोहिनी भस्मासुरात लहानपणी काम केलेली ही बाई नव्वदीपर्यंत जगली आणि तेव्हा तिच्यावर माहितीपट झाला, तिच्याच तोंडून ते सगळं नोंदवलं गेलं. बाकीच्यांना ते मिळालं नाही. आत्याआजी जे सांगतील ते तसंच्या तसं ठेवा, आत्ता सगळ्यांना ऐकवायचं नसेल तर बंद पाकिटात ठेवा, पण रेकॉर्डिंग मिटवू नका.

आता पेटी. उघडल्यावर लगेच उपसू नका. वरून एक फोटो काढा, एक थर उचला, परत फोटो. कुठली गोष्ट कुठल्या गोष्टीच्या आत होती, कुठलं पत्र कुठल्या फोटोला चिकटून होतं, हा क्रम म्हणजेच अर्धी माहिती. मी कामाला लागलो तेव्हा पहिल्याच वर्षी एका पेटीतले फोटो आकाराप्रमाणे लावून ठेवले, मोठे एकीकडे लहान एकीकडे, दिसायला फार छान दिसलं, आणि नंतर कळलं की ते मूळ प्रसंगांप्रमाणे लावलेले होते. तो क्रम परत कधीच लागला नाही. प्रत्येक गोष्टीला नंबर द्या, पेटी एक, थर दोन, वस्तू चौदा, असा, आणि तोच नंबर मऊ पेन्सिलने फोटोच्या मागे कोपऱ्यात हलक्या हाताने लिहा. पेन नको, स्टिकर नको.

पुसापुशी अजिबात नको. ओलं फडकं, स्पिरिट, खोबरेल तेल (हो, तेल लावलेले फोटो माझ्याकडे आलेत), काही नको. मऊ कोरड्या ब्रशने वरची धूळ, बस. सेलोटेप लावू नका, आधीची लागलेली असेल तर ओढू नका. लॅमिनेशन म्हणजे तर फोटो जिवंत पुरणं. काळ्या कागदाच्या अल्बमला चिकटवलेले फोटो उचकटायचे नाहीत, आख्खं पान तसंच स्कॅन करायचं. डांबराच्या गोळ्या काढून टाका. साध्या पिवळट कागदात गुंडाळू नका, ॲसिड-फ्री कागद मिळतो, पुण्या-मुंबईत सहज मिळतो, तो आणा आणि तो येईपर्यंत स्वच्छ धुतलेलं पांढरं सुती कापड चालेल. कोल्हापूरचा पाऊस बघता खालच्या खोलीत नको, बाहेरच्या भिंतीला लागून नको, कसर आणि बुरशी दोन्ही तिथूनच येतात. हे डब्याच्या उलट वाटेल, पण डब्याला उष्णतेची भीती आणि कागदाला ओलीची.

स्कॅन करताना पुढची बाजू आणि मागची बाजू, दोन्ही. मागच्या बाजूला स्टुडिओचा शिक्का, पेन्सिलचे आकडे, कुणाची तरी सही, हेच तर हवं असतं. सहाशे डीपीआय, टिफ फाइल. फॅमिली ग्रुपवर टाकलेला फोटो म्हणजे स्कॅन नव्हे, तो दाबून पार बारीक झालेला असतो. तीन प्रती, दोन वेगवेगळ्या घरांत आणि एक क्लाउडवर. आणि कुणी हौसेने ते मोबाइलमधून रंगीत करून फिरवेल, भाचे मंडळी करतातच, तर त्या प्रतीवर मोठ्या अक्षरात 'नंतर रंगवलेलं' असं लिहायला लावा, कारण दोन वर्षांनी तीच प्रत खरी म्हणून परत तुमच्याकडे येते.

फोटो कुठल्या चित्रपटाचा हे ठरवताना घाई नको. कोल्हापूरच्या बाबतीत एक मोठा चकवा आहे: सैरंध्री १९२० चा पेंटरांचा मूकपट आणि १९३३ चा प्रभातचा बोलपट. सिंहगड १९२३ चा आणि परत १९३३ चा. सावकारी पाश १९२५ चा मूक आणि १९३६ चा बोलपट, तो तर दोन्ही वेळा बाबूरावांनीच केला. आता फोटोच्या मागे नुसतं 'सिंहगड' लिहिलं असेल तर तो कुठला? तेव्हा नटांचे चेहरे, पोशाख, फोटोचा कागद, सगळं जुळवून बघायचं आणि खात्री नसेल तर प्रश्नचिन्ह घालून ठेवायचं. तसंच 'आमच्या पणजोबांनीच कंपनीचा पहिला कॅमेरा बनवला' असं घरात कुणी सांगत असेल तर तेही लिहून ठेवा, पण 'असं घरात सांगतात' या शब्दांत, सांगणाऱ्याच्या नावासकट. पुरावा वेगळ्या पानावर.

मोडीतली वही. मला विचाराल तर तुमच्या पेटीतली सगळ्यात मोलाची गोष्ट तीच निघण्याची शक्यता आहे, रिळापेक्षाही. रोजकीर्द, म्हणजे रोजच्या जमाखर्चाची वही असेल तर त्यात कुणाला किती दिले, कापड किती वार आणलं, रंग, खिळे, घोड्याचं भाडं, असं काहीबाही असतं, आणि मूकपट कसे बनत होते हे असल्या ओळींतूनच कळतं कारण कंपन्यांची दप्तरं फारशी उरलीच नाहीत. मोडी वाचणारे लोक आहेत, पुण्याला भारत इतिहास संशोधक मंडळात विचारा, कोल्हापूरच्या पुराभिलेखागारातही विचारा. वही वाचायला देताना मूळ देऊ नका, स्कॅन द्या. आणि तिथे गेलात की संस्थानच्या कागदांतही शोधा, शाहू महाराजांचा आश्रय होता, कंपनीचे अर्ज-विनंत्या दरबारी गेल्या असतील तर त्या तिथेच असणार. १९२७-२८ मध्ये सरकारने सिनेमाच्या धंद्याची चौकशी करायला रंगाचारी समिती नेमली होती, तिच्यापुढच्या साक्षींचे जाडजूड खंड छापलेले आहेत, फाळक्यांचीही साक्ष आहे त्यात. ते चाळा, पणजोबांचं नाव नाही सापडलं तरी ते कशा दिवसांत काम करत होते ते कळेल. जुन्या केसरीतल्या जाहिराती बघा, हँडबिलावरच्या तारखेशी जुळवायला उपयोगी पडतात.

हँडबिल आणि फोटोंना गिऱ्हाईकं येतील. पेटीची बातमी बाहेर गेली की पोस्टरवाले फोन करतात. विकायचं की नाही हा तुमचा प्रश्न, पण नंबर आणि स्कॅन व्हायच्या आधी एक कागदही बाहेर जाऊ देऊ नका. त्याहून मोठा धोका घरातला असतो, वाटणी. चार भावंडांत आठवण म्हणून दहा-दहा फोटो वाटून घेतले की संग्रह संपला, पुढच्या पिढीत त्यातले तीस हरवतात. प्रत्येकाला चांगली प्रिंट करून द्या, मूळ एकत्र ठेवा.

कुणाला द्यायचं? रीळ नायट्रेट असेल तर त्यात निवड नाही, ते संग्रहालयातच गेलं पाहिजे, घरी ठेवणं धोक्याचं आहे. कागद आणि फोटो तुम्ही घरी ठेवून नुसते स्कॅनसाठी देऊ शकता, किंवा कायमचे देऊ शकता, किंवा मालकी तुमची ठेवून सांभाळायला देऊ शकता, या तीन वेगवेगळ्या गोष्टी आहेत आणि कागदावर यातलं नेमकं काय हे लिहून घ्या. यादी जोडा, नंबरांसकट, दोन्हीकडच्या सह्या. डिजिटल प्रत तुम्हाला मिळेल आणि वापरताना कुटुंबाचं नाव येईल हेही लिहून घ्या. चित्रपटाचा कॉपीराइट प्रदर्शनानंतर साठ वर्षांनी संपतो, त्यामुळे १९२० च्या दशकातल्या मूकपटावर हक्क सांगायला आता कुणी येत नाही, पण न छापलेल्या पत्रांचं तसं नसतं, ती देताना काय छापू द्यायचं काय नाही ते वेगळं ठरवा.

एक शेवटचं. पेटीच्या तळाला कापड अंथरलेलं असेल, बहुतेक जुन्या लुगड्याचं, ते फेकू नका, त्यालाही नंबर द्या. कंपनी १९३१ च्या सुमारास बंद पडली, पणजोबा पुढे दुसरं काहीतरी करत राहिले असणार, आणि तरी ही पेटी नव्वद-पंच्याण्णव वर्षं माळ्यावर टिकली, म्हणजे दर पावसाळ्यानंतर कुणीतरी ती उतरवून उन्हाला ठेवत होतं, परत भरत होतं. आत्याआजींना विचारा की पेटीची किल्ली कुणाच्या कमरेला असायची. जे नाव त्या सांगतील ते संग्रहालयाच्या कागदावर पणजोबांच्या नावाशेजारी लिहा, पूर्ण नाव, माहेरच्या नावासकट.